तिसरा रिचर्ड इतका वाईट होता का? आणि सोबत कुणी नसताना मॅन्डोलिन कसं वाजवावं?

लेस्टरकर

नमस्कार मंडळी. एका धाग्यात दोन विषय आणतोय, कारण या हिवाळ्यात माझ्या संध्याकाळी या दोनच गोष्टींत गेल्या.

मी इंग्लंडात लेस्टरला राहतो. २०१२ साली कार पार्कच्या डांबराखाली तिसऱ्या रिचर्डचा सांगाडा निघाला, ती जागा माझ्या रोजच्या वाटेवर आहे. आता तिथे संग्रहालय आहे आणि काचेच्या जमिनीतून थडग्याचा खड्डा दिसतो. खड्डा आखूड आहे. शरीर नीट मावलं नाही म्हणून डोकं भिंतीला टेकून वर राहिलं होतं. शवपेटी नाही. इंग्लंडच्या राजाला असं पुरलेलं पाहिल्यावर मी वाचायला लागलो.

माझं मत मांडतो. चौथा एडवर्ड ९ एप्रिल १४८३ ला वारला. वारस पाचवा एडवर्ड बारा वर्षांचा, काका रिचर्ड पालक. २६ जूनला काकाच राजा झाला, आणि २२ ऑगस्ट १४८५ ला बॉसवर्थच्या लढाईत मारला गेला. म्हणजे जेमतेम सव्वीस महिने. तेवढ्यात त्याने सामान्यांच्या उपयोगाचे कायदे केले, उत्तरेसाठी वेगळं मंडळ नेमलं. पुढे जिंकलेल्या सातव्या हेन्रीने आपली कारकीर्द लढाईच्या आदल्या दिवसापासून मोजायला लावली, म्हणजे रिचर्डच्या बाजूने लढलेले सगळे आपोआप राजद्रोही! जॉन राऊस नावाच्या लेखकाने रिचर्ड जिवंत असताना त्याची स्तुती लिहिली, आणि हेन्री आल्यावर त्याच माणसाने लिहिलं की हा दोन वर्षं आईच्या पोटात राहून दात आणि खांद्यापर्यंत केस घेऊन जन्मला. अशा साक्षींवर शेक्सपियरचा खलनायक उभा आहे. माझ्या मते हा चांगला राजा होता आणि त्याच्यावर अन्याय झाला.

दुसरं, मॅन्डोलिन. सूर लागतात, आयरिश धून वाजवता येते, पण सोबत गिटार नसली की सगळं उघडं पडतं. एकट्या मॅन्डोलिनवर भरीव वाजवायचं कसं, कुणी सांगेल का?

मुक्ता_ठाणे

काका, पुतण्या, गादी... "काका मला वाचवा" पुतणे ठेवले होते त्या लंडनच्या टॉवर किल्ल्यातही ऐकू आलं असणार. वाचतेय. वाचनखूण साठवली.

सोनचाफा

लेस्टरकर, धागा आवडला, मत अजिबात पटलं नाही.

कायदे चांगले म्हणून माणूस चांगला, हे कसं? एप्रिल ते जून १४८३ ओळीने बघा. १३ जूनला लॉर्ड हेस्टिंग्ज बैठकीला आला आणि चौकशी न होता त्याच दिवशी त्याचं डोकं उडवलं. हा चौथ्या एडवर्डचा जिवलग, त्याच्या मुलाच्या बाजूचा. २२ जूनला सेंट पॉलपुढे प्रवचन झालं की एडवर्डची मुलं अनौरस आहेत, कारण त्याचं आधीच दुसऱ्या बाईशी लग्न ठरलं होतं. २५ जूनला बालराजाचा मामा रिव्हर्स आणि सावत्र भाऊ रिचर्ड ग्रे पॉन्टेफ्रॅक्टला मारले गेले. दुसऱ्या दिवशी राज्यारोहण. यात योगायोग किती मानायचे?

आणि मुख्य गोष्ट चौथ्या एडवर्डच्या दोन मुलग्यांची. मोठा बारा, धाकटा नऊ वर्षांचा. उन्हाळा संपेपर्यंत ती दिसेनाशी झाली. ऑक्टोबरमध्ये बंड झालं तेव्हा ती मेल्याची बोलवा पसरली होती. जिवंत असती तर त्यांना घोड्यावर बसवून लंडनमधून एकदा फिरवलं की बोलवा तिथेच संपली असती. १४८७ साली एका पोराला "हाच अर्ल ऑफ वॉरिक" (रिचर्डचा दुसरा एक पुतण्या) म्हणून उभं केलं गेलं, तेव्हा हेन्रीने खरा वॉरिक कैदेतून काढून लोकांना दाखवला. रिचर्डने हे का केलं नाही? दाखवायला मुलं उरली नव्हती म्हणून, असं माझं स्पष्ट मत आहे.

चहाबाज

पहिल्याच प्रतिसादात राजाचा निकाल लागला. आता मॅन्डोलिनचा वाद कोण सुरू करतंय?

लेस्टरकर

सोनचाफाताई, मग मुलांच्या आईचं काय? एलिझाबेथ वुडव्हिल वेस्टमिन्स्टर ॲबेत आश्रयाला होती. १ मार्च १४८४ ला रिचर्डने जाहीर शपथ घेतली आणि ती मुलींना घेऊन बाहेर आली. ज्याने आपली दोन मुलं मारली, त्याच्या हाती कुठली आई मुली देईल?

सोनचाफा

ती शपथ वाचा. त्यात रिचर्ड म्हणतो की या मुलींना मी लंडनच्या टॉवरमध्ये किंवा इतर कुठल्या तुरुंगात ठेवणार नाही. टॉवरचं नाव घालून! मुलांबद्दल एक अक्षर नाही. दहा महिने आश्रयात कोंडलेली विधवा, पाच मुली, बाहेर सैनिक. तिला निवड होती कुठे? टॉवर हा शब्द तिच्या बाजूच्या माणसांनीच लिहायला लावला असेल असं मला वाटतं. का लिहायला लावला, ते उघड आहे.

बखरकार

मुक्ताताईंनी नारायणरावाची आठवण काढली म्हणून लिहितो. ३० ऑगस्ट १७७३, शनिवारवाडा. तिथे प्रेत होतं, गारदी होते, पाहणारे लोक होते, आणि राघोबाला देहान्त प्रायश्चित्त सांगणारा रामशास्त्री होता. लंडनमध्ये यातलं काहीच नाही. रिचर्डला तोंडावर जाब विचारणारा न्यायाधीश निघाला नाही, म्हणून तो खटला आपल्यासारख्यांना पाचशे वर्षांनी चालवावा लागतोय.

मला जास्त जवळचं वाटतं ते संभाजी महाराजांचं उदाहरण. मल्हार रामराव चिटणीसांची बखर महाराजांनंतर शंभराहून जास्त वर्षांनी लिहिलेली, आणि लिहिणाऱ्याच्या पूर्वजाला, बाळाजी आवजींना, महाराजांनी देहदंड दिलेला. त्या बखरीवर नाटकं-कादंबऱ्या उभ्या राहिल्या. वा. सी. बेंद्र्यांनी अस्सल कागद धुंडाळून १९६० साली चरित्र काढलं तेव्हा चित्र पालटलं. त्यामुळे लेस्टरकरांचा राऊसवरचा राग मला कळतो. मात्र बेंद्र्यांनी नवे कागद आणले. रिचर्डच्या बाजूने तसा कागद कोणता, ते सांगा.

रानजाई

तुलना इथेच थांबवू या का? नाहीतर धागा पानिपतावर जाईल आणि परत येणार नाही.

वकीलसाहेब

रिचर्डच्या १४८४ च्या संसदेबद्दल थोडं.

त्या काळी नुसत्या संशयावरून माणूस धरला जायचा आणि खटला उभा राहण्याआधीच त्याची गुरंढोरं, धान्य, भांडीकुंडी जप्त व्हायची. पुढे तो निर्दोष सुटला तरी घर रिकामं झालेलं असायचं. या संसदेने दोषी ठरल्याशिवाय माल जप्त करायला बंदी केली आणि संशयावरून धरलेल्याला जामीन देण्याचा अधिकार जस्टिस ऑफ द पीसला, म्हणजे स्थानिक दंडाधिकाऱ्याला, दिला. ज्यूरीत बसणाऱ्याकडे ठरावीक उत्पन्नाची जमीन हवी, असा नियम केला, म्हणजे पैसे चारून फिरवता येणारे पंच कमी होतील. राजा श्रीमंतांकडून "प्रेमाची भेट" म्हणून सक्तीने पैसे उकळायचा, ती पद्धत बंद केली. परदेशी व्यापाऱ्यांवर निर्बंध घालणारा कायदा झाला, त्यात पुस्तकं आणि छपाईवाले मुद्दाम वगळले. कॅक्सटनने इंग्लंडात छापखाना काढून तेव्हा दहा वर्षंही झाली नव्हती.

दुसरी बाजूही सांगतो. एकट्या जस्टिसच्या हाती जामीन गेल्यावर ओळखीपाळखीचे चोर सुटू लागले. १४८७ साली हेन्रीने तो कायदा बदलून दोन जस्टिस लागतील असं केलं. हेन्रीची ही दुरुस्ती बरोबर होती. रिचर्डचं श्रेय एवढं की धरला गेलेला साधा माणूस त्याच्या संसदेला दिसला.

सोनचाफा, हेस्टिंग्जबद्दल मी तुमच्या बाजूने आहे. दुसऱ्यांसाठी जामिनाचा कायदा करणाऱ्याने हेस्टिंग्जला एक दिवसही दिला नाही. हे दोन्ही एकाच माणसाने सात महिन्यांत केलं, आणि एकाने दुसरं झाकलं जात नाही.

हाडवैद्य

माझं क्षेत्र हाडांचं, तेवढंच लिहितो. सांगाड्याच्या पाठीचा कणा बाजूला वळलेला आहे. या वळणाचा कोन ६५ ते ८५ अंश काढलाय, म्हणजे चांगलाच मोठा. ही व्याधी जन्मजात नव्हती, वाढीच्या वयात सुरू झाली. उजवा खांदा थोडा वर दिसत असेल, नीट शिवलेल्या अंगरख्यात तोही झाकला जातो. कुबड नव्हतं, वाळलेला हात नव्हता, पायांत लंगडण्यासारखं काही नव्हतं. कणा सरळ असता तर उंची पाच फूट आठ इंच भरली असती.

मृत्यूच्या वेळच्या जखमा अकरा, त्यातल्या नऊ कवटीवर. कवटीच्या तळाशी मागून बसलेल्या दोन घावांपैकी एकाने जीव गेला असावा. शिरस्त्राण डोक्यावर राहिलं नव्हतं. हातांवर बचावाच्या खुणा नाहीत, म्हणजे अंगावर चिलखत होतं. असा कणा घेऊन चिलखत चढवून घोड्यावर लढणं याला ताकद लागते. त्याचे शत्रूसुद्धा त्याला भित्रा म्हणाले नाहीत.

मुक्ता_ठाणे

विंडसरच्या राजसंग्रहात त्याचं एक तैलचित्र आहे. क्ष-किरणांत दिसलं की उजवा खांदा नंतर रंग चढवून उंच केलाय. मूळ चित्रकाराने तो जवळजवळ सरळच काढला होता. कुणीतरी कुंचला घेऊन बसलं आणि माणूस वाकडा करून ठेवला, याची मला चीड येते.

तारसप्तक

मॅन्डोलिनकडे कुणी वळेना म्हणून लिहितो. पुण्यात शिकवतो, त्यामुळे लांबण लागेल.

लेस्टरकर, तुमचं "उघडं पडतं" अगदी खरं आहे. मॅन्डोलिनचा नाद लवकर विझतो. व्हायोलिनसारखा गज नाही, गिटारसारखा खर्ज नाही. आयरिश धून मुळात एकेरी असते, तिला सोबत लागतेच. आता करायचं काय?

आधी मोकळ्या तारांचा आधार घ्या. जी आणि डी या तारांच्या खालच्या जोड्या मोकळ्या सोडून डी किंवा जी मेजरमधली धून वरच्या दोन जोड्यांवर वाजवा. मात्रेच्या सुरुवातीला पिक (तार छेडायची पट्टी) खालच्या तारेवरून ओढत वर आणा. एवढ्यानेही खोली भरते.

मग जोडसूर. डी तारेच्या पाचव्या फ्रेटवर जी आणि ए तारेच्या सातव्या फ्रेटवर ई एकत्र धरा. आता दोन्ही बोटं दोन फ्रेट वर सरकवा, सात आणि नऊ. पुढची जोडी नऊ आणि दहा. दोन बोटांतलं अंतर कधी दोन फ्रेटचं, कधी एकाचं, एवढंच लक्षात ठेवायचं. या चालीत पूर्ण जी मेजर चढून उतरा. निम्म्या धुनांची साथ यातच निघते.

यापुढचा टप्पा नेपल्सच्या लोकांनी सिद्ध केला. वरच्या तारेवर ट्रेमोलोत, म्हणजे तोच सूर पिकने झरझर छेडत, चाल चालू ठेवायची आणि मात्रेवर पिक क्षणभर खाली नेऊन साथीचा सूर टिपून परत यायचं. चाल तुटलेली कळता कामा नये. राफाएल कालाचे (१८६३ ते १९३४) स्वतः वाद्यं बनवणाऱ्या घराण्यातला. एकट्या मॅन्डोलिनसाठी त्याने लिहिलेल्या प्रेल्यूड्समध्ये हे तंत्र शिखरावर आहे. लगेच तिथे जाऊ नका. आधी ट्रेमोलो मनगटातून येऊ दे. कोपर हलतंय का ते आरशात बघा. पिक जाड घ्या, दीड मिलिमीटरच्या आसपास, टोक गोलसर.

आणि जर्मन संगीतकार बाख! मॅन्डोलिनच्या तारा व्हायोलिनसारख्याच, जी डी ए ई. त्यामुळे त्याने एकट्या व्हायोलिनसाठी लिहिलेलं सगळं आपल्याला आहे तसं वाजवता येतं. सुरुवात मात्र चेलोच्या पहिल्या सुईटच्या प्रेल्यूडने करा. चेलोच्या तारा सी जी डी ए. प्रत्येक तार एक सप्तक आणि एक पंचम वर नेली की आपली जुळणी येते आणि मूळ जी मेजर डी मेजर होतं. पहिल्या मात्रेत मोकळी डी, मोकळी ए आणि ई तारेच्या दुसऱ्या फ्रेटवर एफ शार्प. एक बोट, तीन तारा. एकच ओळ वाजते, पण ऐकणाऱ्याला खर्ज, मधला सूर आणि वरची चाल अशा तिन्ही गोष्टी ऐकू येतात. एकट्याने वाजवायचं म्हणजे काय, ते मला या तुकड्याने शिकवलं.

पेडणेकर

तारसप्तक, हे कुणीतरी लिहायला हवंच होतं. आमच्याकडे गोव्यात पेडण्यात नाही, पण सासष्टीत बऱ्याच घरांत अजून मॅन्डोलिन भिंतीवर असतं. लग्नाआधीच्या रात्री मामा वाजवायचे, गिटारवर शेजारी. ते म्हणायचे, गिटारवाला आला नाही तर बेत रद्द. जोडसुरांचं वाचून वाटतंय, त्यांना हे कुणी दाखवलं असतं तर ते एकटेही बसले असते.

रागदारीचं काय? मींड कशी येणार, फ्रेट असताना?

तारसप्तक

पेडणेकर, जोडतारा एकदम खेचणं कठीण, म्हणून यू. श्रीनिवास यांनी (१९६९ ते २०१४) जोड्याच काढून टाकल्या आणि पाच एकेरी तारांचं इलेक्ट्रिक मॅन्डोलिन वापरलं. कर्नाटक संगीतातली गमकं त्यावर निघतात. संगीतकार सज्जाद हुसेन यांनी मात्र मुंबईत साध्या मॅन्डोलिनवर राग वाजवले, मींडेसकट. त्यांचं वादन मिळेल तिथे ऐका. वाद्याच्या मर्यादेबद्दल बोलताना मी फार जपून बोलतो ते त्यांच्यामुळे.

रानजाई

आजोबांचं गोल पोटाचं मॅन्डोलिन माळ्यावर सापडलंय. तारा गंजल्यात. नव्या कुठल्या घालू?

तारसप्तक

ताई, सगळ्यांत हलका संच मागा. जाड तारांचा ताण जुन्या गोल पोटाच्या वाद्याला सोसत नाही, मान वाकते नाहीतर पुढची फळी बसते. आणि सगळ्या तारा एकदम काढू नका. घोडी नुसती तारांच्या दाबाने उभी असते, चिकटवलेली नसते. एकेक तार बदला म्हणजे ती जागेवर राहील. नंतर बाराव्या फ्रेटवरचा दाबलेला सूर आणि तिथलाच हार्मोनिक (तार न दाबता बोट नुसतं टेकवून निघणारा सूर) जुळतो का ते तपासा. दाबलेला सूर चढा आला तर घोडी किंचित मागे, शेपटीकडे.

लेस्टरकर

तारसप्तक सर, मनापासून आभार. सात-नऊ-दहाची चाल हाताला बसतेय. बाखच्या त्या सुरुवातीला मोकळी ए तार वाजत राहते आणि खालची डी तिच्यात मिसळते, ते ऐकून परत परत तेच वाजवावंसं वाटतं.

आता बखरकारांचा प्रश्न: रिचर्डच्या बाजूने कागद कोणता? एक यॉर्क शहराच्या दप्तरातली नोंद. लढाईच्या दुसऱ्याच दिवशी, २३ ऑगस्ट १४८५ ला, नगरपालांनी लिहून ठेवलं की आमच्यावर दयाळूपणे राज्य करणाऱ्या राजाला निर्घृणपणे मारलं, शहराला मोठं दुःख झालं. राजा मेलाय, जिंकलेला जवळच आहे, अशा वेळी हे लिहायला धैर्य लागतं. दुसरा कागद रिचर्डला गादीचा हक्क देणारा संसदेचा ठराव. हेन्रीने तो न वाचताच रद्द करायला लावला आणि प्रती नष्ट करण्याचा हुकूम काढला. संसदेच्या दप्तरातली प्रत वाचली म्हणून आज मजकूर कळतो.

बखरकार

यॉर्कचा कागद वजनदार आहे, मानलं. ठरावाबद्दल मात्र हेन्रीचा स्वार्थ सरळ आहे. त्यात एलिझाबेथ वुडव्हिलची मुलं अनौरस ठरवली होती आणि हेन्रीला तिच्याच मुलीशी लग्न करायचं होतं. त्याने कागद दडपला म्हणून कागदातला मजकूर खरा ठरत नाही.

आणि विरुद्ध बाजूलाही ट्यूडरांच्या, म्हणजे हेन्रीच्या घराण्याच्या, आधीचा कागद आहे. डॉमिनिक मॅन्सिनी हा परदेशी माणूस १४८३ च्या उन्हाळ्यात लंडनमध्ये होता, आणि त्याच वर्षी डिसेंबरात त्याने हकीकत लिहिली. ती फ्रान्समध्ये लील शहरात १९३४ साली सापडली. तो सांगतो, मुलं आतल्या दालनांत हलवली गेली, खिडक्यांतून दिवसेंदिवस कमी दिसू लागली आणि मग दिसेनाशी झाली. पाचव्या एडवर्डचं नाव निघताच लोकांना रडू फुटायचं. मुलं मारली का, कशी मारली, ते आपल्याला कळलं नाही, असंही तो प्रामाणिकपणे लिहितो. हेन्री तेव्हा परागंदा होता, त्याची खुशामत करायचं मॅन्सिनीला काही कारण नव्हतं.

सोनचाफा

बखरकार, +१. लेस्टरकर, यॉर्कचे लोक खोटं लिहीत नव्हते, त्यांना तो तसाच दिसला. वर्षानुवर्षं त्याने उत्तरेत न्याय दिला, शहराचा कर कमी व्हावा म्हणून खटपट केली. दक्षिणेच्या लोकांना बंडानंतर त्यांच्या जमिनींवर बसवलेले उत्तरेकडचे सरदार दिसले. कुबड, वाळलेला हात, दात घेऊन जन्म, हे सगळं मी आनंदाने सोडून देते. त्या दोन मुलांचं उत्तर मात्र त्यालाच द्यावं लागेल. ती त्याच्या ताब्यात होती.

लेस्टरकर

सोनचाफाताई, ताब्यात होती म्हणून जबाबदारी त्याची, हे मान्य. खुनाचा हुकूम त्याने दिला हे मात्र मी अजूनही सिद्ध मानत नाही.

हाडवैद्य

१६७४ साली टॉवरमधल्या एका जिन्याखाली मुलांची हाडं निघाली. ती राजपुत्रांची मानून वेस्टमिन्स्टर ॲबेतल्या कलशात ठेवली आहेत. १९३३ साली तपासली, पण तेव्हा डीएनए चाचणी नव्हती. त्यात प्राण्यांची हाडंही मिसळलेली निघाली, आणि मुलगे होते की मुली, हे तेव्हाच्या तपासणीतून पक्कं ठरत नाही. आज रिचर्डच्या सांगाड्याचं, बापाकडून मुलग्यात जाणारं, वाय गुणसूत्र वाचलेलं आहे. रिचर्ड आणि चौथा एडवर्ड सख्खे भाऊ, त्यामुळे एडवर्डच्या मुलांत तेच यायला हवं. कलश उघडला तर ती हाडं त्यांची आहेत का, एवढं कळेल. मारलं कुणी ते हाडं सांगणार नाहीत.

रानजाई

तारसप्तक सर, चार जोड्या चढवल्या, घोडी हलली नाही. बाराव्यावर ई थोडी चढी येतेय, बाकी जुळल्या.

तारसप्तक

मग घोडीची फक्त ई कडची बाजू केसभर मागे घ्या, तार सैल करून. परत सुरात आणून तपासा आणि मगच जोडसुरांकडे वळा.